‘सावकारी पाश’ : घर हरवलेल्या माणसाचा मूकपट



विषय जाहीर झाल्यावर काही जणांनी विचारलं, “सर, तत्त्वज्ञानाचा माणूस सिनेमावर काय बोलणार? आणि तोही मुक्या सिनेमावर!” प्रश्न रास्त आहे. आम्ही सिनेमाचे जाणकार नाही. आम्ही आयुष्यभर वर्गात एकच काम केलं. रोजच्या बोलण्यातला एखादा साधा शब्द घ्यायचा आणि त्याच्या पोटात काय काय दडलंय ते मुलांना विचारत बसायचं. आजचा शब्द आहे ‘घर’. तो तपासायला शंभर वर्षांपूर्वीचा एक मूकपट फार उपयोगी पडतो. ‘सावकारी पाश’, साल १९२५, गाव कोल्हापूर.

आमचं म्हणणं आधीच सांगून टाकतो, म्हणजे मध्येच कुणाला उठावं लागलं तरी चुकल्यासारखं वाटणार नाही. (हशा) घर दोन खांबांवर उभं असतं. एक खांब हक्काचा, दुसरा ओळखीचा. हक्क कागदावर असतो, ओळख माणसाच्या चेहऱ्यावर असते. दोन्हींपैकी एक पडला तरी माणूस बेघर होतो, मग डोक्यावर छप्पर असो वा नसो. आता हे सावकाशीनं बघू.

घर आणि बिऱ्हाड

आपल्या मराठीत एक सुंदर भेद आहे. ‘घर’ वेगळं आणि ‘बिऱ्हाड’ वेगळं. नोकरीला गेलेला माणूस म्हणतो, “बिऱ्हाड नांदेडला आहे, घर गावाकडं आहे.” स्वयंपाक, मुलाबाळांची शाळा, दुखणंखुपणं, सगळं बिऱ्हाडात चाललेलं असतं. वर्षाचे तीनशे दिवस माणूस तिथंच असतो. तरी घर कुठं म्हणून विचारलं की तो दुसरीकडं बोट दाखवतो. म्हणजे घर हे केवळ राहण्याचं ठिकाण असतं, असं आपली भाषाच मानत नाही.

दुसरी एक गोष्ट. अनोळखी माणूस एसटीत शेजारी बसला की आपण पहिल्यांदा त्याचं नाव विचारत नाही. “पाव्हणे, कोणत्या गावचे?” असं विचारतो. गाव सांगितलं की पुढचे प्रश्न. त्या गावात अमका तुमचा कोण, तमक्याच्या घरी लग्न झालं ते तुमच्याच भावकीतलं का. पाच मिनिटांत धागा लागतो आणि माणूस ‘आपला’ होतो. मुंबईत ज्यांच्या तीन पिढ्या गेल्या, त्यांनाही आपण विचारतोच की, “ते खरं, पण मूळ गाव कोणतं?”

आता कल्पना करा, या प्रश्नाला ज्याच्याकडं उत्तर उरलेलं नाही, असा एक माणूस आहे. गाव होतं, पण आता तिथं त्याचं काही नाही. शहरात आहे, पण तिथं त्याला कुणी ओळखत नाही. ‘सावकारी पाश’ हा अशा माणसाचा मूकपट आहे.

कोल्हापुरात काय घडलं

हा मूकपट केला बाबूराव पेंटर यांनी. मूळ नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री, जन्म १८९०. नाटकांचे पडदे रंगवणारा हा कलावंत. औपचारिक शिक्षण बेताचं, पण हात आणि डोळा असामान्य. कॅमेरासुद्धा त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कोल्हापुरात घडवला. त्यांची महाराष्ट्र फिल्म कंपनी, आणि १९२० साली आलेला त्यांचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’. त्या काळी बहुतेक चित्रपट पौराणिक असत, काही ऐतिहासिक. पडद्यावर देव येत, राजे येत, राक्षस येत. नांगर धरणारा, फाटक्या धोतरातला माणूस कथेचा नायक म्हणून येत नसे.

१९२५ साली बाबूरावांनी तो आणला. कथा होती नारायण हरी आपटे यांची. तरुण शेतकऱ्याची भूमिका केली व्ही. शांताराम यांनी. पुढे प्रभात कंपनीचे म्हणून सगळ्या देशाला माहीत झालेले तेच शांताराम. तेव्हा ते पंचविशीच्या आतले होते. गोष्ट चार वाक्यांत सांगता येते. शेतकरी सावकाराच्या कर्जात अडकतो. जमीन सावकाराच्या घशात जाते. शेतकरी गाव सोडून शहरात जातो. तिथं गिरणीत मजूर होतो.

बस, एवढंच. यात युद्ध नाही, चमत्कार नाही. भारतीय चित्रपटात वास्तववाद या मूकपटापासून सुरू झाला, असं चित्रपटाचे इतिहासकार मानतात. त्या काळच्या प्रेक्षकांना तो फारसा रुचला नाही, असंही ते लिहितात. हे स्वाभाविक आहे. दिवसभर ज्या विवंचनेत माणूस राबतो, तीच रात्री पैसे देऊन बघायला कोण जाणार?

त्या मूकपटाची प्रत आज आपल्याला बघायला मिळत नाही. आपल्या देशात १,३०० च्या आसपास मूकपट तयार झाले. त्यांतले फारच थोडे उरले, आणि उरले त्यांतले बरेचसे तुकड्यांत. बाबूरावांनी १९३६ साली हीच कथा पुन्हा बोलपट म्हणून केली. त्या बोलपटातलं एक दृश्य निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या मनात कायमचं राहिलं होतं. लांबून दिसणारी एक उदास झोपडी, उजेड अगदी कमी, आणि फक्त कुत्र्याचं रडणं. बोलपटाची सोय हाताशी असतानाही बाबूरावांनी त्या जागी माणसाच्या तोंडी संवाद दिला नाही, हे लक्षात ठेवा. पुढं त्याचा संबंध येणार आहे.

घर आधी कागदावर जातं

आता पहिला खांब, हक्क. शेतकऱ्याचं घर जातं कसं? कुणी येऊन भिंती पाडतो का? नाही. भिंती तशाच असतात, चूल तशीच असते, दारातली तुळसही तशीच असते. आधी घर कागदावर जातं. एका कागदावर अंगठा उठतो, आणि त्या क्षणी काहीच बदललेलं दिसत नाही. प्रत्यक्षात घर जायला मग वर्ष लागो की पाच वर्षं.

ज्यानं अंगठा दिला त्याला त्या कागदावर काय लिहिलंय ते वाचता येत नव्हतं, ही त्यातली खरी गोम आहे. इकडं आपल्या भागात तर गोष्ट आणखी अवघड. परभणी जिल्हा निजामाच्या राज्यात होता. सप्टेंबर १९४८ पर्यंत इथला सरकारी कारभार आधी फारसीत आणि नंतर उर्दूत चालायचा. एखाद्याला मराठी अक्षर लावता येत असलं, तरी कचेरीतला कागद त्याच्यासाठी मुकाच. ज्यावर आपलं घर उभं आहे तो कागद आपल्याशी बोलत नाही. या अवस्थेत आपल्या आज्या-पणज्यांच्या पिढ्या गेल्या.

कागदाची ही ताकद शेतकऱ्यांना कळत नव्हती असं मात्र समजू नका. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी सावकारांविरुद्ध उठाव झाला आणि तो पुणे-नगर भागात पसरला. इतिहासात त्याला दख्खनचे दंगे म्हणतात. त्या शेतकऱ्यांनी प्रामुख्यानं काय केलं? कर्जखतं आणि रोखे मागून घेतले आणि जाळले. सावकाराच्या जिवापेक्षा त्यांचा रोख त्याच्या दप्तरावर होता. निरक्षर माणसांनी आपला शत्रू नेमका ओळखला होता. सरकारनं चौकशी आयोग नेमला, आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा केला. तरीही पन्नास वर्षांनी, १९२५ साली, ‘सावकारी पाश’ ही गोष्ट लोकांना आपल्याच गल्लीतली वाटावी, इतपत पाश शिल्लक होता.

आता मूकपटाकडं या. मूकपटात मध्येमध्ये पाट्या येत. दोन दृश्यांच्या मध्ये काळ्या पडद्यावर दोन ओळी. थिएटरात बसलेल्या पुष्कळांना त्या वाचता येत नसत, म्हणून एखादा वाचता येणारा माणूस त्या मोठ्यानं वाचून दाखवी. म्हणजे बघा, पडद्यावरच्या शेतकऱ्याला कर्जखत वाचता येत नाही, आणि त्याच्याकडं बघणाऱ्या प्रेक्षकाला पाटी वाचता येत नाही. दोघंही दुसऱ्याच्या वाचण्यावर अवलंबून. पण एक गोष्ट त्या प्रेक्षकाला कुणी वाचून दाखवावी लागत नव्हती. ती म्हणजे शेतकऱ्याचा चेहरा. चेहरा वाचायला शाळा लागत नाही.

मूकपटाचं खरं बळ इथं आहे. कागदानं जे मुकं केलं, त्याला मूकपट चेहऱ्यानं बोलतं करतो. १९३६ साली हाताशी आवाज असूनही बाबूरावांनी झोपडीच्या त्या दृश्यात माणसाचा शब्द ठेवला नाही, त्याचं कारण आम्हांला हेच दिसतं. घर जाताना बोलायला काही उरतच नाही.

हरिश्चंद्राला घर परत मिळालं

आपल्या चित्रपटाचा जन्मच बेघर झालेल्या माणसाच्या गोष्टीनं झाला. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’, ३ मे १९१३, मुंबईचा कॉरोनेशन सिनेमा. कीर्तनातून तुम्ही ही कथा शंभर वेळा ऐकली असेल. विश्वामित्राला राज्य दिलं, वर दक्षिणेचं ऋण राहिलं. राजा काशीला गेला, तारामती आणि रोहिदास विकले गेले, स्वतः स्मशानात डोंबाचा चाकर झाला. यातही मूळ गोष्ट ऋणाचीच आहे, बरं का.

स्मशानातला प्रसंग आठवा. तारामती मेलेल्या मुलाला घेऊन येते. हरिश्चंद्र तिच्याकडं शुल्क मागतो. नवरा-बायको समोरासमोर उभे आहेत आणि आधी एकमेकांना ओळखत नाहीत. राज्य गेलं तेव्हा हक्क गेला होता. इथं ओळखसुद्धा गेली. बेघरपणाचा तळ हा आहे. मग ओळख पटते, देव प्रकट होतात, मुलगा उठतो, राज्य परत मिळतं.

आता शेजारी ‘सावकारी पाश’ ठेवा. बारा वर्षांनंतरचा मूकपट. दोघांत तीन फरक आहेत. हरिश्चंद्रानं स्वतःच्या वचनासाठी घर सोडलं. शेतकऱ्याचं घर त्याच्या हातून काढून घेतलं गेलं. हरिश्चंद्राची परीक्षा घेणारा कुणी तरी होता, म्हणून ती संपलीही. शेतकऱ्याची परीक्षा कुणी घेतच नव्हतं. आणि हरिश्चंद्राला देव भेटले, शेतकऱ्याला गिरणीचा भोंगा भेटला. पुराणात दुःखाला अर्थ असतो. कर्जबाजारी माणसाच्या दुःखाला तसा तयार अर्थ कुणी देत नाही, तो त्याला स्वतः शोधावा लागतो.

एक प्रश्न आमच्या भगिनींसाठी. राज्य दान करताना तारामतीला कुणी विचारलं होतं का? राज्य राजाचं, दान राजाचं, विकली मात्र ती गेली. आपल्याकडं मुलीला माहेर असतं, सासर असतं. दोन घरं असतात म्हणून आपण तिचं कौतुक करतो. त्यातल्या एकाच्या तरी कागदावर तिचं नाव आहे का, हे विचारत नाही. हा प्रश्न बाजूला ठेवा, शेवटी त्याच्याकडं येऊ.

छप्पर आहे, पण कुणी येत नाही

आता दुसरा खांब, ओळख. यासाठी जरा दूर जाऊ. ज्या १९२५ साली ‘सावकारी पाश’ आला, त्याच वर्षी अमेरिकेत चार्ली चॅप्लिनचा ‘द गोल्ड रश’ आला. लहानपणी आईबरोबर लंडनमधल्या अनाथ-गरिबांच्या सरकारी आश्रयगृहात राहिलेला हा माणूस. त्याला बेघरपण पुस्तकातून शिकावं लागलं नाही. म्हणूनच त्यानं रंगवलेला तो भटक्या, तोकडा कोट, ढगळ विजार, वाकडी काठी, जगभरच्या माणसांना आपल्यातला वाटला.

‘द गोल्ड रश’मध्ये हा भटक्या सोन्याच्या शोधात बर्फाळ मुलखात जातो. एका माणसाची झोपडी त्याला राखायला मिळते. छप्पर आहे, शेकोटी आहे, खायला आहे. नववर्षाच्या आदल्या रात्री तो काही मुलींना जेवायला बोलावतो. टेबल मांडतो, नीट सजवतो, प्रत्येकीच्या जागी भेटवस्तू ठेवतो. वाट बघता बघता डोळा लागतो. स्वप्नात त्या आलेल्या असतात, आणि तो दोन काट्यांना पाव खोचून त्यांच्या पायांचा नाच करून दाखवतो. जाग येते तेव्हा टेबल तसंच, खुर्च्या रिकाम्या. दूरवर नाचघरात लोक एकमेकांचे हात धरून गाताहेत. हा दार उघडून उभा राहतो.

या प्रसंगात भटक्या बेघर आहे की नाही? पावसापाण्यापासून तो सुरक्षित आहे. पण त्याची वाट बघणारं कुणी नाही आणि ज्यांची तो वाट बघतो ते येत नाहीत. आपल्याकडं म्हणतात ना, येणाऱ्या-जाणाऱ्याविना घर खायला उठतं. तेच हे.

चॅप्लिनचाच १९२१ चा ‘द किड’ याच्या नेमका उलट आहे. पोटमाळ्यावरची भिकार खोली, गळकं सगळं. पण टाकून दिलेलं एक मूल आणि हा भटक्या तिथं एकमेकांना जपतात. मुलाला अनाथाश्रमात न्यायला गाडी येते तेव्हा त्यांच्यात जी ओढाताण होते, ती बघून कळतं की हे खरं घर होतं. हक्क शून्य, ओळख पूर्ण. कायद्याच्या दृष्टीनं मूल त्याचं नाही, म्हणून एका क्षणात ते घर मोडता येतं. नुसत्या ओळखीवर उभं असलेलं घर किती लवकर पडतं, तेही त्यातच दिसतं.

आणि १९३१ चा ‘सिटी लाइट्स’. सगळं जग बोलपटाकडं धावत असताना चॅप्लिननं तो संवादांशिवाय केला. एका आंधळ्या फुलवालीला या भटक्यानं मदत केलेली असते. पुढं तिला दिसू लागतं. समोर उभा असलेला फाटका माणूस पाहून ती आधी हसते. मग त्याच्या हातात नाणं देताना हाताचा स्पर्श होतो, आणि त्या स्पर्शानं ती त्याला ओळखते. मराठीत ‘ओळख’ या शब्दाचे दोन अर्थ आहेत. पूर्वी पाहिलेलं पुन्हा कळणं ही ओळख, आणि दोन माणसांमधलं नातं हीसुद्धा ओळख. त्या एका स्पर्शात दोन्ही अर्थ एकत्र येतात.

तत्त्वज्ञ काय म्हणतात

आमच्या विषयाकडं थोडं वळतो, घाबरू नका, फार वेळ घेत नाही. (हशा) दुसऱ्या महायुद्धानंतर, १९५१ साली, मार्टिन हायडेगर या जर्मन तत्त्वज्ञानं एक व्याख्यान दिलं. बॉम्बहल्ल्यांनी शहरं उद्ध्वस्त झालेली, लोकांना राहायला जागा नाही. अशा वेळी त्यानं मांडलं की, घरांची टंचाई हा खरा पेच नाही. ‘राहणं’ म्हणजे काय हेच माणूस विसरला आहे, आणि ते त्याला पुन्हा शिकावं लागेल, हा खरा पेच.

यात तथ्य आहे. ‘द गोल्ड रश’मधली रिकामी खुर्ची हेच सांगते. तरी ही गोष्ट अपुरी आहे, असं आम्ही स्पष्ट म्हणतो. सावकारानं ज्याची जमीन घेतली त्याला “बाबा रे, तू राहणं विसरलास” असं सांगणं म्हणजे जखमेवर मीठ. तो विसरलेला नाही. त्याला विसरायला लावलं आहे.

सिमोन वेल ही फ्रेंच विदुषी आम्हांला जास्त जवळची वाटते. ती १९३४-३५ मध्ये कारखान्यात स्वतः मजुरी करायला गेली होती. १९४३ मध्ये, मृत्यूच्या काही महिने आधी, तिनं जे लिहिलं त्याचा गाभा असा: मुळं असणं ही माणसाच्या आत्म्याची फार महत्त्वाची गरज आहे, आणि तिच्याकडं फार कमी लक्ष दिलं जातं. मुळं कशानं उपटली जातात? जिंकून घेणाऱ्या सैन्यानं, तशीच पैशाच्या सत्तेनंही. ‘सावकारी पाश’मधला शेतकरी तिला लगेच कळला असता. बिमल रॉय यांचा १९५३ चा ‘दो बिघा जमीन’ तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. त्यातला शंभू शेवटी आपल्या जमिनीपाशी येतो. तिथं कारखाना उभा राहतोय. तो मूठभर माती उचलतो, तर पहारेकरी तीही टाकायला लावतो. मूळ उपटणं म्हणजे काय, ते त्या रिकाम्या मुठीत दिसतं.

गंगाखेडची जनी

ओळख आहे पण हक्क नाही, असं एक मोठं उदाहरण तर आपल्याच तालुक्याचं आहे. संत जनाबाई गंगाखेडच्या. लहान वयात आईवडिलांपासून दूर पंढरपूरला नामदेवांच्या घरी राहिल्या, दासी म्हणून. दळण, कांडण, झाडलोट. स्वतःचं घर नाही. त्यांनी आपली ओळख सांगितली तीही दुसऱ्याच्या नावानं, नामदेवांची दासी म्हणून.

परंपरा सांगते की, विठ्ठल त्यांच्याबरोबर जात्याला हात लावायचा. ही गोष्ट भाबडी म्हणून सोडून देऊ नका. तिच्यात घराची एक व्याख्या दडलेली आहे. जड जातं एकटीनं ओढताना समोरून कुणी तरी खुंट्याला हात घालतं, तेव्हा ती जागा आपली होते. देवळातला देव उंबऱ्याबाहेर येऊन कामात भागीदार होतो, ही एका बेघर मुलीनं घडवलेली घराची कल्पना आहे. पण तीच गोष्ट उलटूनही विचारा. माणसांपैकी कुणी हात घातला असता, तर देवाला यावं लागलं असतं का?

आपलं आजचं बिऱ्हाड

इथवर दूरदूरचं बोललो. आता इथलं. दसरा झाला की आपल्या या डोंगराळ पट्ट्यातून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. कुणी कोल्हापूर-सांगलीकडं, कुणी कर्नाटकात. ज्या कोल्हापुरात ‘सावकारी पाश’ तयार झाला, त्याच मुलखात आपली माणसं चार-सहा महिने कोपी घालून राहतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, कधी लिहून, कधी तोंडी. ती फिटेपर्यंत फड सोडता येत नाही. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर, तसं यांचं बिऱ्हाड ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत.

त्या हिशेबातली भाषा ऐका. नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’. एकटा माणूस ‘अर्धा कोयता’. माणूस हत्याराच्या नावानं मोजला जातो, तोही जोडीदार नसेल तर अर्धा. आजारपणानं दिवस बुडाला तर ‘खाडा’. गावात ज्याला सगळे नावानं, नात्यानं हाक मारतात, तो फडावर पोचल्यावर अर्धा कोयता होतो. बाबूरावांच्या शेतकऱ्याचं गिरणीत जे झालं, ते हेच. गावात तो अमक्याचा मुलगा, तमक्याचा भाऊ होता. गिरणीच्या दारात तो फक्त दोन हात होता.

मुंबईच्या गिरणगावातल्या कामगारांनी यावर एक तोड काढली होती. एका गावची माणसं मिळून खोली घ्यायची, तिला गाळा म्हणत. कुणी नवा आला की आधी गावच्या गाळ्यात उतरायचा. दिवसपाळीवाले गेले की त्याच पथारीवर रात्रपाळीवाले झोपायचे. हक्क तिथंही नव्हता, पण ओळख होती. गाव त्यांनी मनातून, सोबतीतून धरून ठेवलं. म्हणून ‘सावकारी पाश’सारख्या गोष्टींचा शेवट केवळ विनाशात झाला नाही. उपटलेल्या माणसांनी शहरात पुन्हा मुळं धरायची धडपड केली, संघटना केल्या, भजनी मंडळं काढली, व्यायामशाळा चालवल्या.

आपल्या फडावरच्या माणसांना तेवढीही उसंत मिळत नाही. तरी काही दारं किलकिली झाली आहेत. साखरशाळांचा प्रयोग झाला. अलीकडं ग्रामसेवकामार्फत ऊसतोड कामगारांची नोंद करून त्यांना ओळखपत्र देण्याचा निर्णयही झाला. ‘ओळखपत्र’ हा शब्द बघा. ओळख आणि पत्र. चेहरा आणि कागद. आमचे दोन्ही खांब त्या एका शब्दात आले. पण पत्र मिळालं म्हणून ओळख आपोआप मिळत नाही, आणि गावानं ओळखलं म्हणून पत्राची गरज संपत नाही.

मग करायचं काय

तत्त्वज्ञानाच्या माणसाकडून उपायांची यादी मागू नये. तरी दोन छोट्या गोष्टी सुचवतो.

पहिली कागदाची. उद्या ग्रामपंचायतीत जाऊन आपल्या घराचा नमुना आठचा उतारा बघा. तिथं कुणाची नावं आहेत ती वाचा. घर नवरा-बायको दोघांच्या नावे नोंदवता येतं. बाजूला ठेवलेला तारामतीचा प्रश्न तो हा. कागदानं घर जातं, हे आपण शंभर वर्षं बघतो आहोत; मग तो कागद वाचायला शिकणं आणि त्यावर घरातल्या बाईचं नाव असणं, ही घर वाचवण्याचीच कामं आहेत. शाळेतल्या मुलांनो, हे तुमचं काम. आजीला तो उतारा मोठ्यानं वाचून दाखवा, मूकपटाच्या थिएटरात पाट्या वाचून दाखवायचे तसा.

दुसरी गोष्ट चेहऱ्याची. ज्यांची बिऱ्हाडं ट्रॉलीत जातात, त्यांची मुलं वर्गातून निम्म्या वर्षासाठी दिसेनाशी होतात. पाडव्याच्या सुमाराला ती परत येतात, तेव्हा त्यांच्याकडं नवखं कुणी आल्यासारखं कुणी पाहू नये. हजेरीच्या पटावरचं नाव कुणी विसरू नये, बाकावरची जागा राखून ठेवावी. आणि इकडं बाहेरून कामाला आलेले असतात, वीटभट्टीवर, रस्त्यावर, विहिरीवर, त्यांनाही एकदा तरी विचारावं, “पाव्हणे, कोणत्या गावचे?” लक्ष्मण माने यांच्या १९८० च्या आत्मकथनाचं नाव आहे ‘उपरा’. त्या एका शब्दात एका अख्ख्या समाजाचं दुखणं आहे. कुणाला उपरा ठरवायचं की पाव्हणा, हे सरकार ठरवत नाही. ते दारात उभे असलेले आपण ठरवतो.

‘सावकारी पाश’ची फीत आपल्याला दिसत नाही. पण दसऱ्यानंतरच्या पहाटे रस्त्यावर उभं राहिलं, ट्रॉल्या भरताना पाहिल्या, तर तोच शेतकरी दिसतो. आवाज आहे, इंजिनाचा आहे, लेकरांचा आहे, पण त्यात त्याचं स्वतःचं म्हणणं कुठं ऐकू येत नाही. मूकपट बघताना प्रेक्षकाला पडद्यावरच्या माणसाकडं निरखून बघावं लागत असे, नाही तर गोष्टच कळत नसे. तसं निरखून बघण्याची सवय आपण ठेवू, एवढीच विनंती.

प्रश्न असतील तर आम्ही इथं बसलो आहोत.